खंडांचा पाठ आणि गोंडवनाचे नाव

खंडांचा पाठ पुष्कळदा नावांच्या घोकंपट्टीने सुरू होतो. आपल्याकडील अध्यापकांस तसे करण्याचे कारण नाही. बल्लारपूर किंवा घुग्गुस येथील दगडी कोळशाचा एक तुकडा मेजावर ठेवावा व तेथूनच आरंभ करावा.

हा कोळसा पंचवीस कोटींहून अधिक वर्षांपूर्वीच्या वनस्पतींपासून झाला. त्यांत ग्लॉसोप्टेरिस ही जिभेच्या आकाराच्या पानांची वनस्पती प्रमुख होती. तिचे अश्मीभूत अवशेष दक्षिण आफ्रिका, ब्राझील व ऑस्ट्रेलिया येथेही सापडतात. दक्षिण ध्रुवाहून परतताना १९१२ साली मृत्युमुखी पडलेल्या कॅप्टन स्कॉटच्या तुकडीने अखेरपर्यंत घसरगाडीवर सुमारे १६ किलो दगड ओढून आणले होते. त्यांतही हीच पाने निघाली. समुद्रांपलीकडे एकच झाड कसे, हा प्रश्न मुलांपुढे टाकावा. उत्तराची घाई करू नये. आफ्रिका व दक्षिण अमेरिका यांचे कागदी आकार कापून किनारे जुळविण्यास द्यावेत.

हे प्रदेश एकेकाळी जोडलेले होते. व्हिएन्नाचे भूशास्त्रज्ञ एदुआर्द स्यूस यांनी १८८५ साली त्या भूभागास ‘गोंडवनलँड’ म्हटले. हे नाव गोंडांच्या देशावरून आले, हे गोंड व माडिया मुलांस आवर्जून सांगावे; आपले नाव पुस्तकात त्यांना क्वचितच भेटते. मात्र चांद्याच्या गोंड राजांची सत्ता आफ्रिकेपर्यंत होती, असा ग्रह होऊ देऊ नये. ती भूमी मानवाच्या उदयापूर्वीच दुभंगली होती.

हा भाग शक्यतो गोंडी वा माडियात सांगावा. ती भाषा न येणाऱ्या अध्यापकाने वरच्या वर्गातील मुलाकडून सांगवून घ्यावा.