कागदावरचा पूल
दूरचें स्थळ किंवा गेलेला काळ एका पावलांत गांठून देणारा पूल निसर्गनियम मोडूनच बांधावा लागेल, असें आम्हांस वाटतें. परंतु १९३५ सालीं आइन्स्टाईन व रोझेन यांस अवकाशाचे दोन भाग जोडणारा पूल सापेक्षतावादाच्या समीकरणांतच आढळला. प्रत्यक्ष मात्र तो कोणीं पाहिलेला नाहीं. पुढें १९६२ सालीं फुलर व व्हीलर यांनीं गणितानें दाखविलें कीं, सेकंदास सुमारें ३,००,००० किलोमीटर धांवणारा प्रकाशही पलीकडे पोहोंचण्यापूर्वीं हा पूल ताणला जाऊन तुटतो. नियमांनींच पूल बांधला, नियमांनींच तो मोडला! विद्यार्थिमित्रहो, कल्पना खुशाल धांवूं द्यावी, पण ती गणिताच्या कसोटीवर घांसून पाहावी. गेलेलें वर्ष परत आणणारा पूल अद्याप कोणासही सांपडलेला नाहीं. म्हणून हातचा दिवस आपण वायां दवडूं नये.