ब्रह्मचर्य, विवाह आणि बोलपटातील विनोद

सोडमुंजीच्या विधीत बटू काशीयात्रेस निघतो. मामा त्याची वाट अडवून आपली मुलगी देण्याचे वचन देतो आणि बटू माघारी फिरतो. विद्येची नगरी काशी व संसार यांमधील ही गमतीची ओढाताण महाराष्ट्राच्या चांगल्या परिचयाची आहे.

मराठी बोलपटाने प्रारंभी काशीचीच वाट धरली. ‘प्रभात’च्या ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) या बोलपटात हरिश्चंद्र व तारामती वचनपूर्तीसाठी काशीत विकली जातात. तेथे पतिपत्नीचे नाते म्हणजे कर्तव्य होते. त्याची थट्टा संभवतच नव्हती.

सहा वर्षांनी कोल्हापूरच्या हंस पिक्चर्सने ‘ब्रह्मचारी’ (१९३८) हा बोलपट मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत काढला. त्याचे लेखक प्र. के. अत्रे, तर दिग्दर्शक व नायक मास्टर विनायक. ब्रह्मचर्यावरील व्याख्यान ऐकून भारावलेला औदुंबर नट्यांची चित्रे फेकून देतो आणि संघात दाखल होतो. परंतु किशोरीची गाठ पडताच त्याचा निग्रह डळमळू लागतो. किशोरीची भूमिका करणाऱ्या मीनाक्षी यांच्या पोहण्याच्या वेषावरून त्या काळी मोठी खळबळ उडाली. वेषापेक्षाही महत्त्वाची गोष्ट अशी की, येथे तरुणी निवडली जाण्याची वाट पाहत बसत नाही. पुढाकार तिचाच असतो.

हा विनोद मूकपटात इतका रंगला नसता. ढोंग हे मुख्यतः बोलण्यात असते. तोंडाने प्रतिज्ञा आणि डोळ्यांत अभिलाषा, ही विसंगती प्रेक्षकाला एकाच वेळी ऐकू आली व दिसली. जर्मनीतही ‘उफा’च्या १९३० मधील एका संगीतमय बोलपटात दिवाळे निघालेले तीन मित्र पेट्रोल पंप चालवितात आणि नकळत एकाच तरुणीवर प्रेम करू लागतात. मंदीच्या काळातील हलाखीही तेथे गाण्यांच्या साथीने हसतखेळत मांडली गेली.

चिं. वि. जोशी यांच्या कथेवरील ‘लग्न पाहावे करून’ (१९४०) या बोलपटात मास्टर विनायक यांनी चिमणराव व गुंड्याभाऊ ही जोडी पडद्यावर आणली. म्हणीतून घेतलेले हे नावच पुरेसे बोलके आहे. येथे विवाह दोघांपुरता राहत नाही. तो साऱ्या घराचा खटाटोप होतो. पहिल्या बोलपटात व्यक्तीची इच्छा उपदेशावर मात करते, तर दुसऱ्यात रूढीचे ओझे हास्यास्पद ठरते. विवाहात व्यक्तीच्या इच्छेला स्थान किती, हा प्रश्न व्याख्यानातून मांडला असता तर श्रोत्यांनी कदाचित वाद घातला असता. चित्रपटगृहात मात्र ते हसले, आणि हसताना आपल्याच घराकडे पाहू लागले.