दास नव्हे, मित्र

शास्त्रपाठ : योहान १५:१२–१७, मत्तय २६:३६–४६, २ करिंथ ६:११–१३



भिलाईसारख्या पोलादनगरीत घराचे घड्याळ कारखान्याच्या घड्याळावर चालते. १९५९ साली येथील पहिली झोतभट्टी सुरू झाली, आणि तिच्याबरोबर तीन पाळ्यांचे जीवनही सुरू झाले. पती रात्रपाळीहून परततो तेव्हा मुले शाळेला निघालेली असतात. तो झोपून उठतो तेव्हा पत्नी स्वतःच्या कामात असते. बोलणे होतच नाही असे नाही. फी भरली का, गॅस सांगितला का, गावाकडचा फोन आला का, एवढे बोलणे रोज होते. परंतु हे निरोप झाले. ज्या दिवशी कोणाचा चेहरा उतरलेला दिसतो, त्या दिवशी "काय झाले?" या प्रश्नाला "काही नाही" असे उत्तर मिळते, आणि विषय तेथेच संपतो.

एकत्र राहिले की जवळीक आपोआप वाढते, असे आपण गृहीत धरतो. वीस वर्षांचा संसार करूनही परस्परांच्या मनातील भीती ठाऊक नसलेली माणसे आपल्या मंडळीतही आहेत. कदाचित आपणच त्यांपैकी एक असू. जवळीक वाढण्यासाठी कोणीतरी आपले अंतःकरण आधी उघडावे लागते, आणि ते वेळेवर उघडावे लागते. या गोष्टीचा आज आपण शास्त्राच्या आधारे विचार करू.

१. प्रभूने शिष्यांना मित्र का म्हटले?

योहान १५:१५ मध्ये प्रभू येशू दास आणि मित्र यांतील भेद स्पष्ट करतो. दासाला आज्ञा मिळते, पण धन्याच्या मनात काय चालले आहे हे त्याला कळत नाही. शिष्यांना प्रभू मित्र म्हणतो, कारण पित्याकडून जे ऐकले ते सर्व त्याने त्यांना कळवले आहे. आपल्या घरात आपण एकमेकांचे मित्र आहोत, की केवळ कामे वाटून घेणारे दास आहोत, हे ताडून पाहण्यास हे एकच वचन पुरेसे आहे.

गेथशेमाने बागेत प्रभू याहून पुढे जातो. पेत्र आणि जब्दीचे दोन पुत्र यांना तो आपले मरणप्राय दुःख उघड सांगतो आणि जागे राहण्याची विनंती करतो. ते तिघे झोपी जातात. ज्यांच्याजवळ मन मोकळे केले त्यांनी साथ दिली नाही, हा अनुभव आपल्या तारणाऱ्यानेही घेतला. तरीही पुनरुत्थानानंतर त्याने त्याच मित्रांना पुन्हा जवळ केले.

२. राजनांदगावच्या वाटेवरील प्रवासी

भिलाईहून सुमारे ४० किलोमीटरवर, मुंबई-हावडा लोहमार्गावर, राजनांदगाव आहे. १८९३ च्या सुमारास नागपूरहून तेथे जाताना नारायण वामन टिळक यांना आगगाडीत एक युरोपीय गृहस्थ भेटले. त्यांनी टिळकांना नवा करार दिला, आणि दोन वर्षांत तुम्ही ख्रिस्ती व्हाल असे सांगितले. टिळकांनी तो वाचला; डोंगरावरील प्रवचनाने त्यांचे हृदय हेलावून गेले. पुढे त्यांनी आपले नाव गुप्त ठेवून ख्रिस्ती मंडळींशी पत्रव्यवहारही केला. १० फेब्रुवारी १८९५ रोजी मुंबईत त्यांचा बाप्तिस्मा झाला.

त्या वेळी पत्नी लक्ष्मीबाई त्यांच्याजवळ नव्हत्या. पतीच्या बदलत्या विचारांची भीती त्यांच्या मनात दाटत होती, परंतु निर्णयाच्या वाटेवर त्या बरोबर नव्हत्या. ती वार्ता त्यांच्यावर आघातासारखी कोसळली, आणि पुढे काही वर्षे ती दोघे विभक्त राहिली. टिळकांना दोष देणे सोपे आहे. मन उघड केले असते तर आप्तांनी त्यांना अडवले असते, हेही खरे. तथापि जे अनोळखी माणसाला लिहिता आले ते घरात बोलता आले नाही, ही व्यथा आजही अनेक घरांत आहे. निर्णय झाल्यावर दिलेली माहिती आणि निर्णयापूर्वी उघडलेले मन यांत फार अंतर आहे.

पुढे लक्ष्मीबाई परतल्या. त्यांनी आपले सोवळे पाळले, वेगळा स्वयंपाक केला. टिळकांनी सक्ती केली नाही. त्या मोकळीकीत त्यांचे मन त्यांच्याच पावलांनी बदलले, आणि १९०० साली त्यांनी बाप्तिस्मा घेतला. १९१९ साली टिळक निवर्तले. त्यांचे अपुरे राहिलेले 'ख्रिस्तायन' लक्ष्मीबाईंनी पूर्णत्वास नेले. 'स्मृतिचित्रे' या आत्मचरित्रात तर त्यांनी पतीचा शीघ्रकोप आणि स्वतःचे हट्ट हसतहसत उघड केले. ज्या संसारात एकेकाळी मौनाची भिंत होती, त्यातूनच मराठीतील एक अत्यंत मनमोकळा ग्रंथ जन्मास आला.

३. मन उघडण्याच्या मर्यादा

पहिली मर्यादा क्रमाची. १९९७ साली अमेरिकन मानसशास्त्रज्ञ आर्थर अॅरन व त्यांच्या सहकाऱ्यांनी अपरिचितांच्या जोड्यांना क्रमाक्रमाने अधिक खोल होत जाणारे प्रश्न एकमेकांना विचारायला लावले. अवघ्या पाऊण तासात, नुसत्या वरवरच्या गप्पा मारणाऱ्यांपेक्षा त्यांना एकमेकांविषयी अधिक जवळीक वाटू लागली. प्रश्न सोपे होते तेथून सुरू झाले, आणि उत्तर दोघांनीही द्यायचे होते.

दुसरी मर्यादा परस्परतेची. करिंथकरांस पौल सांगतो की, आमचे अंतःकरण तुमच्यासाठी विशाल झाले आहे, आता तुम्हीही आपले विशाल करा. तो स्वतः आरंभ करतो आणि मग मागणी करतो. पुष्कळ घरांत मुलांनी सर्व सांगावे अशी अपेक्षा असते. आईवडील मात्र आपली चूक कधी कबूल करीत नाहीत.

तिसरी मर्यादा पात्रतेची. शमशोनाने दलीलेजवळ मन उघडले आणि सर्वस्व गमावले (शास्ते १६). झोतभट्टीतील वितळलेले लोखंड ठरल्या वेळी, ठरल्या नाल्यातूनच बाहेर सोडतात. ते आत कोंडून ठेवणे धोक्याचे, आणि वाटेल तेथे सांडू देणेही धोक्याचे. विश्वासू मनुष्य गोष्ट गुप्त ठेवतो, असे नीतिसूत्रे ११:१३ सांगते. आपण तसे ऐकणारे आहोत काय? एकदा विश्वासाने सांगितलेली गोष्ट पुढच्या भांडणात शस्त्र म्हणून वापरली, तर ते दार पुन्हा उघडणे फार कठीण जाते.

४. आरंभ कोठे करावा?

या आठवड्यात पाळीच्या वेळा पाहून एक पाव तास राखून ठेवा. त्यात कामाचा विषय नको. "मला या गोष्टीची भीती वाटते" किंवा "त्या दिवशी माझे चुकले" अशा एका वाक्याने आरंभ करा. ऐकणाऱ्याने लगेच उपदेश करू नये; पूर्ण ऐकण्यापूर्वी उत्तर देणे मूर्खपणाचे आहे (नीति. १८:१३). मग याकोब ५:१६ प्रमाणे एकमेकांसाठी प्रार्थना करा.

मननासाठी प्रश्न

१. माझ्या मनातील कोणती गोष्ट परक्याला ठाऊक आहे, पण घरच्यांना नाही?
२. माझ्या कोणत्या सवयीमुळे घरातील माणसे माझ्याजवळ बोलण्यास कचरतात?
३. मी घेत असलेल्या कोणत्या निर्णयात दुसऱ्याला आजच सहभागी करून घ्यावे?

प्रार्थना

हे प्रभू येशू, तू आम्हांला मित्र म्हटलेस आणि तुझे दुःखही आमच्यापासून लपवले नाहीस. आमच्या घरांत आधी बोलण्याचे धैर्य आणि शेवटपर्यंत ऐकण्याची सहनशीलता आम्हांला दे. आमेन.