फिरतीची नोकरी आणि ‘कशासाठी?’

प्रश्न : मी एमआर (वैद्यकीय प्रतिनिधी) आहे. सोलापूर, बार्शी, लातूर अशी कायमची फिरती. महिन्याचं टार्गेट गाठलं, की एक तारखेला पुन्हा शून्यापासून सुरुवात. मुलगी फोनवरच मोठी झाली. हे सगळं कशासाठी, असं सारखं वाटतं.

उत्तर : असा प्रश्न पडणं हा आजार नव्हे. छळछावण्यांतून वाचलेले व्हिएन्नाचे मनोविकारतज्ज्ञ व्हिक्टर फ्रँकल यांनी अर्थ सापडण्याच्या तीन वाटा सांगितल्या : हातून घडणारं काम, जिवाभावाची माणसं आणि न टळणाऱ्या दुःखाला सामोरं जाण्याची आपली रीत. पण तुमचा दुरावा न टळणारा आहे का? मला तसं वाटत नाही, म्हणून ‘दृष्टी बदला’ असा सल्ला मी देणार नाही. पुढचा टूर प्रोग्रॅम भरण्याआधी मॅनेजरांशी मोकळेपणाने बोला. मुक्कामाचे दौरे सलग लावून घरचे दिवस एकत्र मिळतील का, विचारा. मुलीलाही विचारा, तिला तुमच्यासोबत काय करायला आवडेल. राजीनाम्याचा निर्णय तूर्त नको. मात्र झोप, भूक दोन आठवडे बिघडलेली असेल किंवा जगणंच नको वाटत असेल, तर आजच ‘टेली मानस’ या मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या 14416 क्रमांकावर बोला. ही सेवा मोफत आहे.