कढईत पाणी सुटलं की चायनीज संपलं

"सॉस तोच, भाज्या त्याच, चिकनही चांगलं, पण बाहेरच्यासारखं होत नाही," ही घरच्या चायनीजबद्दलची तक्रार मी इतक्यांकडून ऐकली आहे की आता पुढचं वाक्यही मला ठाऊक असतं. मग कोणी सॉस वाढवतं, कोणी आच वाढवतं. सॉसने पदार्थ खारट होतो. आचेने काय होतं ते मी पाहिलं आहे, आणि तेच सांगण्यासाठी हे लिहिते आहे. घरच्या कढईत बिघडतं ते बहुतेक वेळा पाण्यामुळे: चिकनचं पाणी, भाजीचं पाणी आणि ते उडून जायला जागाच उरणार नाही अशी गर्दी.

नवऱ्याच्या नोकरीमुळे आम्ही काही वर्षं शांघायला होतो. हातगाडीवरच्या चायनीजवर वाढलेल्या माझ्या जिभेला तिथलं घरगुती जेवण आधी फिकंच वाटलं. मंचुरियन तिथे कोणाला माहीत नाही. तो आपल्या मुंबईचा. शेजवान चटणीचंही तसंच. घरोघरी रोज होतं ते वेगळंच: हिरव्या मिरचीच्या आणि डुकराच्या मांसाच्या सारख्या जाडीच्या बारीक पट्ट्या, मोठ्या आचेवर भराभर परतलेल्या. लाल रंग नाही, रस्सा नाही, केचप तर नाहीच. ताटलीत तळाशी चमचाभर चकचकीत रस, बाकी सगळं कोरडं. बरोबर पांढरा भात. एवढा साधा पदार्थ आपल्याला सहज जमेल असं मला वाटलं.

एकदा घरी आठजण जेवायला होते. मी किलोभर चिकन आणि तेवढीच भाजी एकाच कढईत ओतली. दोन मिनिटांत कढईत पाणीच पाणी. चिकन त्यात उकडलं, राखाडी आणि चिवट झालं, ढोबळी मिरची लिबलिबीत पडली. पाहुण्यांनी कौतुक करत खाल्लं, ते आणखी वाईट. पुढच्या वेळी मी ठरवलं की आच कमी पडू द्यायची नाही. नॉनस्टिकची कढई रिकामीच मोठ्या ज्योतीवर ठेवली, तेल धुरावर येईपर्यंत थांबले आणि नुकती धुतलेली, पाणी निथळत असलेली भाजी आत टाकली. तेल उसळलं, काठावरून खाली ज्योतीवर सांडलं आणि कढईने पेट घेतला. नवरा पातेलंभर पाणी घेऊन धावला. मी ओरडून त्याला थांबवलं, गॅस बंद केला आणि कुकरचं झाकण कढईवर आडवं सरकवलं. भिंत काळी झाली, बाकी काही नाही.

हे आधी पाठ करा, कृती नंतर. पेटलेल्या तेलावर पाणी कधीही टाकायचं नाही. पाणी तेलापेक्षा जड, ते तळाशी जातं, क्षणात त्याची वाफ होते आणि ती वाफ पेटतं तेल छतापर्यंत उडवते. गॅस बंद करायचा, झाकण टाकायचं आणि कढई पूर्ण गार होईस्तोवर झाकण उचलायचं नाही. पेटलेली कढई उचलून मोरीकडे पळायचं तर मुळीच नाही. कढईवर नीट बसेल असं धातूचं झाकण शेगडीशेजारी काढून ठेवल्याशिवाय मी आता मोठ्या आचेचं काही करत नाही.

आता हॉटेलच्या आचेबद्दल. आपल्या शेगडीचा मोठा बर्नर साधारण दोन ते तीन किलोवॉटचा असतो. हॉटेलातल्या वॉकच्या भट्टीची ताकद त्याच्या कितीतरी पट असते. तिथे आचारी कढई उडवतो तेव्हा ज्योत आत शिरते, तेलाचे थेंब पेटतात आणि एक धुरकट चव उतरते. कँटनचे लोक तिला 'वॉक हेई' म्हणतात आणि तिच्यावर जीव टाकतात. ती घरच्या शेगडीवर पुरती येत नाही, हे मान्य करून टाका. शांघायच्या घराघरांतल्या शेगडीवरही ती येत नव्हती आणि त्याचं कोणाला दुःख नव्हतं.

घरी हातात असतं ते एवढंच, की आहे ती आच वाया जाऊ द्यायची नाही. कढईत पाणी आहे तोवर तापमान शंभर अंशांच्या आसपास अडकून राहतं. मांसाला खरपूस रंग आणि वास यायला साधारण १४० अंशांच्या वर जावं लागतं. म्हणजे सुटलेलं पाणी आटेपर्यंत तुम्ही परतत नसता, उकडत असता. शेजारच्या आजींना माझं चिनी फारसं कळत नसे. त्यांनी माझ्या चॉपिंग बोर्डवरचा ढीग पाहिला, निम्मं चिकन उचलून परत फ्रिजमध्ये ठेवलं आणि मग शेगडी पेटवली. माझं शिक्षण तिथेच बरंचसं पूर्ण झालं.

एका वेळी पाव किलो चिकन आणि तेवढीच भाजी, त्यापेक्षा जास्त नाही. दोघा-तिघांना भाताबरोबर पुरतं. बोनलेस चिकन अर्धा तास फ्रीजरमध्ये ठेवलं की घट्ट होतं आणि सुरी नीट चालते. मांसाचे धागे कोणत्या दिशेने जातात ते बघून त्यांना आडवं कापायचं, बोटभर लांब आणि काडेपेटीच्या निम्म्या जाडीच्या पट्ट्यांत. धाग्यांच्या दिशेने कापलं तर कितीही मऊ चिकन दाताखाली दोरीसारखं लागतं. गोव्यात किंवा जिथे चांगलं पोर्क मिळतं तिथे पाठीचा मऊ भाग घ्या, मूळ पदार्थ त्याचाच. आपलं बोकडाचं मटण मात्र यात घालू नका. त्याला तासभर शिजायची सवय, चार मिनिटांत ते दाद देत नाही.

चिकन धुतल्याशिवाय आपल्याला चैन पडत नाही. नळाखाली धुताना शिंतोड्यांबरोबर जंतू ओट्यावर आणि भांड्यांवर उडतात, म्हणून आरोग्यखाती धुऊ नका असंच सांगतात. तरी धुणारच असाल तर भांड्यातल्या पाण्यात हलक्या हाताने धुवा, नंतर मोरी साबणाने घासा आणि चिकन कागदाने अगदी कोरडं टिपा. कच्च्या मांसाची सुरी आणि बोर्ड भाजीला लावायचा नाही, हे सांगायला नको.

मग चिकनला एक छोटा चमचा हलका सोया सॉस, एक छोटा चमचा कॉर्नफ्लोअर, चमचाभर पाणी, चिमूट पांढरी मिरी चोळायची आणि शेवटी थोडं तेल. तिथे तांदळाची शाओशिंग वाइन घालतात. नसली तर अडत नाही. कॉर्नफ्लोअरचा पातळ थर चिकनमधलं पाणी आतच धरून ठेवतो. चिकन मऊ राहतं ते यामुळे, आणि कढईत डबकं होत नाही तेही यामुळेच. वीस मिनिटं पुरतात. काही जण खाण्याचा सोडा लावतात. पाव किलोला पाव छोट्या चमच्याहून जास्त नको, पंधरा मिनिटांनी धुऊन पुन्हा टिपायचं. मी एकदा अंदाजाने टाकला होता. चिकन रबराच्या बोळ्यासारखं गुळगुळीत झालं आणि तोंडात साबणाची चव आली. चांगलं कापलेल्या चिकनला सोडा लागत नाही, असं माझं स्पष्ट मत आहे.

भाज्या तासभर आधी धुऊन चाळणीत निथळत ठेवा आणि चिरण्याआधी पंच्याने पुसा. जास्तीत जास्त दोन भाज्या. सात रंगांच्या सात भाज्या फोटोत छान दिसतात, पण प्रत्येकीची शिजायची वेळ वेगळी, म्हणून त्यातल्या चार तरी बिघडतात. गाजर आणि ढोबळी मिरची ही जोडी सोपी. फरसबी किंवा ब्रोकोली हवी असेल तर मिनिटभर उकळत्या पाण्यातून काढून, निथळून, पुसून घ्या. मश्रूम पाणी फार सोडतं, ते वेगळं परतून ठेवा. भाजीवर आधी मीठ घालू नका, मिठाने पाणी सुटतंच.

कढई आपली लोखंडी वापरा. वॉक विकत घ्यायची गरज नाही. इंडक्शन असेल तर सपाट बुडाचा लोखंडी तवा किंवा खोलगट पॅन चालेल. नॉनस्टिक नको: ती रिकामी तापवली की काही मिनिटांतच २६० अंशांच्या पुढे जाते, तिचं लेपन विघटित होऊ लागतं आणि त्या धुराने पाळलेले पोपट, बजरिगर मरतात. तेलाच्या बाबतीत आपलं नशीब चांगलं. कँटनच्या स्वयंपाकातही शेंगदाणा तेलाला मान आहे. मात्र इथे रिफाइंड घ्या, घाण्याचं तेल लवकर धुरावतं. कढई चांगली तापवायची, मग तेल टाकायचं आणि ते फार तापायच्या आत मांस. 'गरम कढई, गार तेल' हा तिथल्या घराघरांतला नियम आहे आणि त्याने मांस चिकटत नाही. काळा धूर यायची वाट बघू नका. मोठ्या आचेवरच्या तळणाच्या धुराला जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने 'बहुधा कर्करोगकारक' गटात टाकलं आहे. शांघायच्या स्वयंपाकघरांना दार असायचं आणि शेगडीवर मोठा आवाज करणारा धूर खेचणारा पंखा. आपल्याकडे निदान एक्झॉस्ट लावा, खिडकी उघडा.

पुढचं सगळं पाच मिनिटांचं आहे, म्हणून सगळं वाट्यांत तयार हवं. मधे लसूण सोलायला वेळ नसतो. सॉसच्या वाटीत एक मोठा चमचा हलका सोया, रंगापुरता अर्धा छोटा चमचा गडद सोया, अर्धा चमचा साखर, दोन मोठे चमचे पाणी, एक छोटा चमचा कॉर्नफ्लोअर. मीठ नाही. सोया सॉस मुळात खारट असतो आणि गडद सोयाची अर्धी बाटली ओतून पदार्थ काळा करणं ही आपली खास खोड. अजिनोमोटोची भीती बाळगणाऱ्यांना सांगते, त्यातलं ग्लुटामेट टोमॅटोतही असतं आणि सोया सॉसमध्ये तर भरपूर. म्हणूनच वेगळं घालायची मला कधी गरज वाटली नाही.

दोन चमचे तेलात चिकन एका थरात पसरा आणि अर्धा मिनिट हात लावू नका. हे सगळ्यांत कठीण. आपला हात सारखा उलथनं मारतो आणि खरपूसपणा तिथेच जातो. मग परता, गुलाबीपणा जेमतेम उरला की ताटलीत काढा. थोडं तेल, लसूण, आलं, दहा सेकंद. गाजर मिनिटभर, मग मिरची मिनिटभर. चिकन आणि ताटलीतला रस परत आत. सॉसची वाटी तळापासून ढवळून कढईच्या काठाने ओता, रस उकळून चकाकला की एक जाड पट्टी तोडून बघा: आत गुलाबी नको. गॅस बंद. झाकण ठेवून वाफ काढायची सवय इथे विसरा. वाफ म्हणजे पुन्हा पाणी.

सहाजणांसाठी हवं असेल तर तीन घाणे करा आणि प्रत्येक वेळी कढई पुसून पुन्हा तापवा. तेवढा वेळ नसेल तर सरळ चिकनचा रस्सा करा, तो मोठ्या पातेल्यातच चांगला होतो.