कॅप्टन विद्या, पण कसोटी बिंदियाची

अगं, काल फोनवर तुझा आवाज ऐकला तेव्हाच ओळखलं. टीम लीड झाल्याचे पेढे अजून संपले नाहीत, तोवर ‘ताई, ती माझं ऐकतच नाही गं’ सुरू! ती तुझ्याहून सीनिअर, कामात चोख, आणि बढती मिळाली तुला. मग ती तुला काय ओवाळणार आहे का?

मॅनेजमेंटची पुस्तकं राहू देत. या रविवारी ‘चक दे! इंडिया’ पुन्हा लाव. 2007 चा, शिमित अमीनचा. त्यातली प्रीती, म्हणजे सागरिका घाटगे, आपल्या कोल्हापूरची. आईला तर त्या सिनेमातलं तेवढंच लक्षात आहे. ‘सत्तर मिनिटं’वालं ते भाषण आलं की चहा टाकायला ऊठ. ते सगळ्यांना पाठ आहे, तुझ्या बॉसलाही असेल. तू बिंदिया नाईककडे बघ.

शिल्पा शुक्लाने काय केलीय ती! हॉकी संघातली सगळ्यांत अनुभवी खेळाडू, कॅप्टनपद आपलंच असं धरून चाललेली, आणि प्रशिक्षक कबीर खान ते देतो गोलकीपर विद्या शर्माला. झालं. तिथून बिंदियाचं धुमसणं सुरू. प्रशिक्षकाविरुद्ध मुलींना फितवण्यातही तीच पुढे. आपल्याकडे अशा बाईला ‘पॉलिटिक्स करते’ म्हणतात आणि बाजूला बसवतात. कबीरही बसवतोच. पण कोरियाविरुद्धच्या सामन्यात एकेका खेळाडूला एकेक जण चिकटून राहते, आपल्या मुलींना हलताच येत नाही, तेव्हा ती कोंडी फोडायला त्याला अनुभवी माणूस लागतं. आणि तो बिंदियाकडेच वळतो.

इथे नीट बघ. तो तिला गोंजारत नाही. कॅप्टनपदही देत नाही, कारण तो निर्णय चुकलेला नव्हताच. हे फक्त तुलाच जमेल, एवढंच तिच्यापर्यंत पोचवतो, आणि ते खरं असतं. तिला हवा होता तो मान, आणि तो तिला कामातूनच मिळतो. संघातल्या तापट बलबीरचंही तसंच. तिच्या रागाला आधी तो वेसण घालतो आणि अर्जेंटिना धसमुसळेपणाने खेळायला लागली की तोच राग मैदानात मोकळा सोडतो.

कबीर काही संत नाही हं. सुरुवातीला तर भलताच कडक. मुली त्याच्याविरुद्ध सह्या करतात, तो राजीनामा देतो आणि निरोपाचं जेवण म्हणून सगळ्यांना मॅकडोनाल्ड्समध्ये नेतो. तिथे छेड काढणाऱ्या पोरांना मुली धू धू धुतात, आणि साहेब जागचे हलत नाहीत! उठतो तो एकदाच, एक जण पाठीमागून वार करायला येतो तेव्हा. त्याच्या भाषणांनी जे झालं नव्हतं ते त्या मारामारीत होतं, संघ एक होतो. तू मात्र प्रत्येक मेलमध्ये स्वतःला सीसीत ठेवतेस. कशाला गं?

कबीरला बिंदियासारखी माणसं का कळतात, माहितीये? स्वतः खेळाडू असताना पाकिस्तानविरुद्ध पेनल्टी हुकल्यावर त्याला गद्दार ठरवलेलं असतं, आईला घेऊन घर सोडावं लागलेलं असतं. डावललं गेल्यावर माणूस कसा कडू होतो, हे त्याने भोगलेलं आहे. पण मुलींपुढे तो ते रडगाणं गात बसत नाही. (मीररंजन नेगींची आठवण होतेच. 1982 च्या दिल्ली एशियाडच्या अंतिम सामन्यात पाकिस्तानकडून आपण 7-1 हरलो, तेव्हा गोलकीपर ते होते. पुढे याच सिनेमातल्या मुलींना हॉकी त्यांनीच शिकवली.)

सिनेमा एका बाबतीत मात्र फसवतो. वर्ल्ड कप जिंकला की सगळ्यांची भांडणं मिटतात, विद्याच्या सासरचेसुद्धा वरमतात. तुझ्या ऑफिसात असा चषक कुणी देणार नाही. तिमाही संपेल, दुसरी सुरू होईल आणि ती बाई शेजारच्याच टेबलावर असेल.

म्हणून सांगते, सोमवारी तिला केबिनमध्ये बोलावू नकोस. तूच तिच्या टेबलाशी जा. त्या अडलेल्या क्लायंटची फाइल ने आणि विचार, ‘हे तुम्ही कसं सोडवलं असतं?’ खरोखर अडलं असेल तरच विचार. नाटक तिला लगेच कळेल. आणि ती बोलायला लागली की मध्ये तोंड घालू नकोस, तुला ती खोड आहे.