अंगठा एकच, कोड वेगळे का?

प्रश्न : माझा मुलगा कीपिंग करताना त्याचा उजवा अंगठा निखळला. दवाखान्याने मेडिक्लेमच्या फॉर्मवर ‘एस६३.१’ असा कोड घातला आहे. न्यू जर्सीतल्या भाच्याचा अंगठाही बेसबॉल खेळताना असाच निखळला होता, पण त्याच्या कागदावर ‘एस६३.११४ए’ आहे. शिवाय आमच्या कोडचा अर्थ शोधला तर ‘बोटाचा सांधा निखळणे’ असा निघतो. अंगठा म्हणजे बोट का? आमच्या दवाखान्याने कोड अर्धाच लिहिला का? आणि तो ‘ए’ कसला?
— एक वाचक, सांगली

उत्तर : दवाखान्याला बोल लावू नका, तुमचा कोड पुरता आहे. आपल्याकडे विम्याच्या फॉर्मवर आयसीडी-१० म्हणून जो कोड भरतात तो जागतिक आरोग्य संघटनेच्या यादीतला असतो, आणि ही यादी मुळात मोजदादीसाठी जन्मली. १८९३ साली शिकागोच्या अधिवेशनात जाक बर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने मृत्यूच्या कारणांचं वर्गीकरण मांडलं, त्याचीच ही खापरपणती. माणसं कशाने मरतात हे मोजायला निघालेल्या यादीला अंगठ्याचा कोणता सांधा सरकला याचं काय सोयरसुतक! १९४८ पासून तिच्यात आजार आणि दुखापतीही रीतसर आल्या, पण मोजण्याचा स्वभाव तसाच राहिला. म्हणून ‘एस६३.१’ या एका खणात अंगठ्यासकट पाचही बोटं बसवली आहेत. डावं-उजवंही त्यात नाही.

अमेरिकेने हीच यादी घेऊन आपल्या बिलांसाठी फुगवली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून ती सक्तीची केली. त्याआधीच्या त्यांच्या जुन्या यादीत अंगठा बोटांच्याच ८३४ क्रमांकात होता. नव्या यादीत त्याला स्वतंत्र घर मिळालं. भाच्याचा कोड आता डावीकडून वाचू. ‘एस६३’ म्हणजे मनगट आणि हाताच्या सांध्यांची दुखापत. टिंबानंतरचा पहिला १ म्हणजे अंगठा. दुसरा १ म्हणजे अंगठा तळहाताला जिथे मिळतो तो सांधा; तिथे २ असता तर नखाकडचा सांधा. पुढच्या ४ मध्ये दोन गोष्टी एकदम आहेत : सांधा पूर्ण निखळला, आणि अंगठा उजवा. अर्धवट सरकला असता तर उजव्याला १, डाव्याला २. पूर्ण निखळल्यावर उजव्याला ४, डाव्याला ५. ३ आणि ६ हे आकडे कोणता अंगठा ते कागदावर लिहिलेलंच नाही अशा वेळचे. (हे दोन आकडे लागतात, यातच काय ते समजा.)

या यादीची एक गंमत सांगायलाच हवी. आपल्या चार बोटांना तीन-तीन पेरं, अंगठ्याला दोनच. आजी जपाची मोजणी बोटांच्या पेरांवर अंगठा फिरवून करायची, तिला हे वेगळं शिकवावं लागलं नव्हतं. पेरं दोन म्हटल्यावर त्यांच्यामधला सांधा एकच. तरी अमेरिकी यादीत सुरुवातीला अंगठ्याच्या ‘जवळच्या’ आणि ‘दूरच्या’ अशा दोन आंतरपेरी सांध्यांसाठी वेगवेगळे कोड होते! बोटांचा साचा उचलून अंगठ्यावर जसाच्या तसा बसवलेला. नसलेला सांधा निखळल्याचं रीतसर बिल करता येईल अशी ती सोय पुढे काढून टाकली गेली.

दुसरी गोष्ट कोडिंगला नव्याने बसलेल्यांना हमखास चकवते. अंगठ्याच्या अगदी मुळाशी, मनगटाला लागून, खोगिरासारखा एक सांधा आहे. अंगठा सगळ्या बोटांसमोर येतो तो त्याच्यामुळे. तो निखळला तर कोड अंगठ्याच्या ६३.१ मध्ये सापडत नाही, शोधावा लागतो मनगटाच्या घरात, ६३.०४ मध्ये. आणि तिथे सांधा सरकताना हाडाचा तुकडाही उडाला असेल, तर निखळणं मागे पडतं आणि नोंद फ्रॅक्चरची होते. १८८२ मध्ये एडवर्ड हॅलरन बेनेट या आयरिश शल्यचिकित्सकाने वर्णन केलेलं ‘बेनेट फ्रॅक्चर’ ते हेच. त्याला ६२.२१ हा स्वतःचा क्रमांक आहे.

माझी एक मैत्रीण पुण्यात बसून दिवसभर अमेरिकी रुग्णांचे चार्ट वाचते. अशा अंगठ्यांबद्दल ती म्हणते, ‘‘आम्ही अंगठा बघत नाही, एक्स-रेवरून आपलं निदानही करत नाही. डॉक्टरांनी जे लिहिलं तेवढंच आमचं.’’ डॉक्टरांनी नुसतं ‘थम्ब डिसलोकेशन’ लिहून सोडलं, तर तिच्यापुढे दोन वाटा : परत क्वेरी टाकून विचारायचं, नाहीतर ‘अनिर्दिष्ट’चा कोड घालून मोकळं व्हायचं. आपल्याकडे मराठीत तर आणखीच घोळ. ‘मुरगळला’, ‘लचकला’, ‘सरकला’, ‘निखळला’ हे आपण एका दमात बोलून जातो. यादीत मात्र मुरगळणं म्हणजे सांध्याच्या बंधनाला ताण किंवा इजा. हाड जागेवर असेल तर त्याची नोंद वेगळी, ६३.१ मध्ये नाही. सूज दोन्हीकडे सारखीच दिसते, त्यामुळे घरच्यांच्या शब्दावर कोणी कोड घालू नये.

‘ए’वरून अनेकांचा गैरसमज होतो. ती श्रेणी नव्हे, आणि पहिली भेट असाही तिचा अर्थ नव्हे. दुखापतीवर प्रत्यक्ष इलाज चालू आहे, एवढंच ते अक्षर सांगतं. महिन्याभराने दुसऱ्या डॉक्टरांनी शस्त्रक्रिया केली तरी ‘ए’च. पट्टी बदलायला, हात कितपत वळतो ते पाहायला गेलात की ‘डी’. बऱ्याच काळाने त्याच दुखापतीतून काही मागे उरलं, तर ‘एस’. आपल्याकडच्या कोडला हे शेपूट लागत नाही.

जाता जाता : तिथे दुखापत कोणता खेळ खेळताना झाली याचाही कोड असतो. भाच्याच्या बेसबॉलला स्वतःचा क्रमांक आहे, वाय९३.६४. आपलं क्रिकेट मात्र वाय९३.६९ मध्ये, ‘इतर सांघिक खेळां’च्या गर्दीत.

तुमच्या क्लेमसाठी ‘एस६३.१’ चालेल. पण कोडमध्ये जे मावत नाही ते डिस्चार्ज कार्डावर शब्दांत आहे ना, हे बघून घ्या : उजवा अंगठा, कोणता सांधा, पूर्ण की अर्धवट, हाडाला इजा आहे की नाही, कातडी फाटली होती का. सांधा बसवण्याआधीचा आणि बसवल्यानंतरचा, दोन्ही एक्स-रे फाइलला लावून ठेवा. मुलगा परत ग्लव्ह्ज घालणारच, म्हणून हे जपून ठेवा. तोच सांधा पुन्हा पुन्हा, साध्या कारणानेही निसटू लागला आणि डॉक्टरांनी ‘वारंवार निखळणारा’ असं लिहिलं, तर नोंद दुखापतींच्या प्रकरणातून उठून सांध्यांच्या आजारांत जाते, एम२४.४ मध्ये. तेव्हा पहिल्या खेपेचा कागद डॉक्टरही मागतील आणि विमावालेही.